मोजणी, दुसऱ्यांदा

कोलंबोच्या वरच्या कोर्टाचा हुकूम निघाला:
वलस्मुल्ल्याच्या कोर्टाने हा वाटपाचा दावा
सहा महिन्यांत निकाली काढावा.
हुकूम पोचायलाच पाच आठवडे लागले.
पोस्टमनचा दोष नाही.
चुकून दुसऱ्याच दप्तरात बांधला गेला होता,
तेही जमिनीचंच, तेही आमच्याइतकंच जाड.

मी मोजणीदार.
गावात मला मिनिंदोरु महत्तया म्हणतात,
महत्तया म्हणजे साहेब,
पण पायाला चिखल लागलेला.
पहिली मोजणी माझीच, चोवीस वर्षांमागची:
एक एकर, दोन रूड, अकरा पर्च.
नारळ एक्केचाळीस, सुपाऱ्या सतरा,
विहीर अर्धी, उरलेली अर्धी शेजाऱ्याची,
आणि ईशान्येला एक फणस.

फणसाला आमच्या बोलीत कोस म्हणतात.
भांडण त्याच्याच सावलीत सुरू झालं.
पोडिनोना म्हणाली, कोस आजोबांनी लावला.
पियतिलक म्हणाला, लावला असेल,
खड्डा माझ्या बापाने खणला.
नकाशात मी लिहिलं: झाड एक, हिस्से अठ्ठावीस.
फणसाचा अठ्ठाविसावा हिस्सा म्हणजे नेमकं काय,
तेव्हाच्या जज्जसाहेबांना मी विचारलं होतं.
ते म्हणाले, लिहून ठेवा.

मग जज्ज बदलत गेले.
वकील वारले, त्यांचा मुलगा त्याच कोटात उभा राहिला.
वादी मेला की वारस शोधायचे,
वारस सापडेतो त्याचेच वारस शोधायची वेळ.
अठ्ठाविसाचे एकशे अडुसष्ट झाले,
कुवेतला घरकाम करणाऱ्या नातीच्या वाट्याला
तेराशे चव्वेचाळिसावा.
मी हिशोब केला: पन्नास चौरस फूट.
एक पलंग, आणि पलंगाभोवती फिरायला वाट.

आता घाई आहे.
नवी जज्ज तिशीतली. दावा दाखल झाला
तेव्हा ती पाढे म्हणत असणार.
आठवड्यातून तीनदा पुकारा होतो,
साक्षीदार धापा टाकत येतात,
लिंबू सरबतवाल्याने दुसरा बाक मांडलाय.
आमचं दप्तर ढिगात वर आलं,
म्हणजे कुणाचं तरी खाली गेलं.
व्हरांड्यात खांबाला टेकून एक बाई बसते,
विहिरीच्या दाव्याची.
तिच्याबद्दल कोलंबोहून कुणी काही कळवलेलं नाही.
ती मला विचारते, तुमचा हुकूम कुठल्या खिडकीवर मिळतो?

दुसऱ्या मोजणीला मी पहाटेच गेलो.
साखळी आता नाही, तिपाईवर यंत्र आहे,
त्यातलं मला धूसर दिसतं, आकडे मुलगा वाचतो.
नारळ एकोणीस. सुपाऱ्या चार.
ओढा दीड हात पूर्वेकडे सरकलेला,
तारीख न घेता.
फणस नाही.
वादळात पडला, त्याच्या फळ्या
पियतिलकच्या पेटीला लागल्या.
पोडिनोनाने हरकत घेतली नाही.
सबंध दाव्यात बिनहरकत झालेली
एवढी एकच गोष्ट.

खुंट्या ठोकत आम्ही ईशान्येला आलो.
सहावा आणि सातवा तुकडा, मधली रेघ.
रेघेवर जुनं खोड, अर्धं वाळवीने खाल्लेलं,
आणि त्याच्या कुशीतून
गुडघ्याएवढा कोंब, पानं सात,
वरचं अजून घडी न उलगडलेलं.

मी आयुष्यभर झाडं मोजली.
झावळी नसलेला नारळसुद्धा कधी सोडला नाही.
पण नोंद केली तर झाड एक,
झाड एक तर हिस्सा कुणाचा,
हिस्सा तर अर्ज, अर्ज तर नोटीस,
नोटीस कुवेतला.

बेलिफ मागून विचारत होता, झालं का महत्तया?
हुकमाचे नऊ दिवस उरले होते.
मी खांद्यावरची पिशवी काढली,
कोंबावर अलगद टेकवली,
आणि मुलाला म्हणालो,
लिही. खोड, मृत, एक.